पाकशाळा : लोणीफळाची चटणी

ज्या घरांत एका वेळीं दहा-बारा पानें मांडलीं जातात, त्या घरांत महागाचें फळ येणें ही गृहिणीस एक अडचणच वाटते. आंबे पेटीनें येतात, केळीं फणीनें येतात. ज्याच्या त्याच्या वांट्यास कांहीं तरी येतेंच. पण दोनच फळें घरांत आलीं तर तीं द्यावयाचीं कोणाला? आजाऱ्यास द्यावींत तर मुलें तोंडाकडे पाहत राहतात. मुलांना द्यावींत तर वडीलधाऱ्यांस विचारलें नाहीं असें होतें. आणि सुनांच्या वांट्यास तर बहुधा साल नि बीच उरते. शहरांतून येणारे पाहुणे हल्लीं मिठाईच्या पुड्याऐवजीं कधीं कधीं एक हिरवें, नासपतीच्या घाटाचें फळ घेऊन येतात. त्याच्या बाबतींत हा पेंच विशेष पडतो. त्याचें नांव अ‍ॅव्होकॅडो. दक्षिणेंत त्यास ‘बटर फ्रूट’ म्हणतात. आपण त्यास लोणीफळ म्हणूं. याच्या नुसत्या फोडी वाटल्या तर कोणाचेंच समाधान होत नाहीं. याचीच चटणी केली तर मात्र दोन फळें बारा पानांना पुरतात, व थोरामोठ्यांस सारखीं वाढतां येतात. एकत्र कुटुंबांत या फळाचा खरा उपयोग हाच होय.

परदेशचें हें फळ आपल्या स्वयंपाकघरांत कशाला, असें वडील मंडळी विचारतील. त्यांत गैर कांहीं नाहीं. पण ज्या मिरचीवांचून आपला एकहि दिवस जात नाहीं, ती मूळची अमेरिका खंडांतली, व पोर्तुगीजांच्या काळांत ती इकडे आली. बटाटा, भुईमूग, पेरू, पपई, इतकेंच काय पण एकादशीचा साबुदाणा आपल्याकडे ज्या कंदापासून होतो तो कंदहि त्याच खंडांतला. लोणीफळ हें त्यांचेंच एक भावंड. केवळ उशिरा आलेलें. शिवाय वनस्पतिशास्त्राप्रमाणें तें दालचिनीच्या व कापराच्या कुळांतलें आहे, म्हणजे तसें पाहिलें तर आपल्या मसाल्याच्या डब्याशीं त्याचें नातें पूर्वींपासूनचेंच. मार्तिन फर्नांदेझ दे एन्सिसो या स्पॅनिश ग्रंथकारानें इ. स. १५१९ मध्यें प्रसिद्ध केलेल्या भूगोलाच्या पुस्तकांत या फळाच्या गराला लोण्याचीच उपमा दिली आहे. मेक्सिकोंतील मूळचे लोक त्याचें जें वाटण करीत त्यास ते ‘अहुआकामोल्ली’ म्हणत. त्यावरूनच आजचें ‘ग्वाकामोले’ हें नांव आलें. तें वाटण तेथें तीन पायांच्या दगडी खलांत करीत आले आहेत. म्हणजे खल-बत्त्याची ज्या घराला ओळख आहे, त्या घराला ही कृति परकी वाटण्याचें कारण नाहीं.

आतां फोड फिकी कां लागते तें पाहूं. या गरांत शेंकडा सुमारें १५ भाग स्निग्धांश असतो. पण साखर शेंकडा एक भागहि नसते, आणि आंबटपणा तर जवळ जवळ नसतोच. म्हणजे लोण्याला जसें मीठ व भाकरी हवी, तसें या गराला मीठ, आंबट व तिखट हीं तिन्ही हवींत. हें ध्यानांत आलें कीं पुढची कृति आपोआप सुचते.

पहिली गोष्ट फळ पिकविण्याची. लोणीफळ झाडावर पिकत नाहीं. तें उतरविल्यावरच मऊ होऊं लागतें. त्यामुळें बाजारांतून येणारें फळ बहुधा दगडासारखें कठीण असतें, व पुष्कळजणी तें तसेंच चिरून निराश होतात. शहापूर तालुक्यांतील सापगांव काय किंवा मुरबाडकडचीं खेडीं काय, हा सारा मुलूख भाताचा. पेंढ्याला तेथें तोटा नाहीं, आणि आढी घालणें कोणास शिकवावयास नको. आंब्याप्रमाणेंच लोणीफळहि पेंढ्यांत घालावें, व शेजारीं एक-दोन पिकलीं केळीं ठेवावींत. पिकल्या केळ्यांतून इथिलीन नांवाचा वायु सुटतो, तो या फळास लवकर पिकवितो. तीन-चार दिवसांनीं देंठाजवळ अंगठ्यानें हलकेंच दाबून पाहावें. किंचित् दबलें कीं फळ तयार झालें. खडबडीत सालीचें जें फळ मिळतें, तें कॅलिफोर्नियांतील रुडॉल्फ हॅस या टपालवाल्यानें लावलेल्या एका रोपापासून निघालें, व त्याचें पेटंट त्यानें १९३५ सालीं घेतलें. त्याची साल पिकतांना काळपट होते. कूर्ग वगैरे भागांत कॉफीच्या मळ्यांतून होणारीं फळें मात्र पुष्कळदां गुळगुळीत व पिकल्यावरहि हिरवींच असतात. त्यांच्या बाबतींत रंगावर न जातां अंगठ्यावरच विश्वास ठेवावा. कच्चें फळ शीतकपाटांत ठेवूं नये, तें नीट पिकत नाहीं. पिकलेलें दोन-तीन दिवस ठेवण्यास हरकत नाहीं.

बारा पानांस मध्यम आकाराचीं दोन फळें पुरीं होतात. एक फळ सुमारें २०० ग्रॅम भरतें व त्यांतून १४० ग्रॅमच्या आसपास गर निघतो. याशिवाय हिरव्या मिरच्या २, कोथिंबिरीच्या ८-१० काड्या, पाऊण चहाचा चमचा मीठ, एका लिंबाचा रस, भाजून कुटलेलें जिरें अर्धा चमचा, एक लहान कांदा व एक घट्ट टोमॅटो घ्यावा. हीं फळें दक्षिणेंतून विशेषेंकरून पावसाळ्यांत येतात. आषाढांत कांदेनवमी झाली म्हणजे पुष्कळ घरांतून चातुर्मासभर कांदा-लसूण वर्ज्य असतो. तेथें कांद्याऐवजीं बारीक चिरून पिळलेली काकडी व नखाएवढें आलें घालावें. चवीला उणें पडत नाहीं.

प्रथम मीठ, मिरच्या व कोथिंबिरीच्या काड्या खलांत घालून चांगल्या कुटाव्यात. मिठाच्या खड्यांनीं मिरची व कोथिंबीर यांचा रस सुटतो, व तोच पुढें साऱ्या गराला लागतो. मिरचीचे नुसते तुकडे घातले तर एका घासाला जाळ व दुसरा घास अळणी, असें होतें. टोमॅटोच्या बिया व पाणी काढून टाकावें, नाहीं तर चटणीस पाणी सुटतें. हें सारें सिद्ध झाल्यावरच फळ उभें कापावें, बी काढावी, चमच्यानें गर खरवडून घ्यावा व त्यावर लागलाच लिंबाचा रस घालावा. मग कुटलेलें वाटण घालून हातानें किंवा लांकडी पळीच्या पाठीनें कालवावें. भरताच्या वांग्यासारख्या लहान गांठी राहूं द्याव्यात. यंत्रांत घालून अगदीं लापशी करूं नये. शेवटीं कांदा, टोमॅटो व जिरें मिसळावें. हिंगाची फोडणी हवी असल्यास ती आधीं निववून मग घालावी. गर मात्र विस्तवावर चढवूं नये, तापल्यानें तो कडवट होतो.

लिंबू नसलें म्हणून अडत नाहीं. चैत्रांत कैरीचा कीस घालावा. शहापूर-मुरबाडच्या डोंगरांवर त्या दिवसांत हिरवीं करवंदें मिळतात. त्यांचा चीक धुऊन, बिया काढून, तीं मिरचीबरोबरच ठेंचलीं तर जो स्वाद येतो तो लिंबानें यावयाचा नाहीं. तांदळाची भाकरी, थालीपीठ, भाजलेला उडदाचा पापड, यांपैकीं कशाशींहि ही चटणी छान लागते. दांत गेलेल्या वृद्धांस ती सोईची आहे. मात्र ज्यांस मूत्रपिंडाचा विकार आहे त्यांस ती देण्यापूर्वीं डॉक्टरांस विचारावें, कारण या फळांत पोटॅशियम पुष्कळ असतें.

आतां मुख्य गोष्ट. कापलेल्या लोणीफळास वारा लागला कीं त्यांतील एका द्रव्याच्या क्रियेनें तें काळवंडूं लागतें. सफरचंदाचें किंवा वांग्याचें होतें तसेंच. आंबटानें ही क्रिया मंदावते, पण थांबत नाहीं. चटणींत बी पुरून ठेवली म्हणजे ती हिरवी राहते असें सांगतात, पण बीच्या खालीं जेवढा भाग झांकला जातो तेवढाच काय तो हिरवा राहतो. त्यापेक्षां केळीच्या पानाचा तुकडा चटणीच्या अंगालाच चिकटवून बसवावा, मध्यें वाऱ्यास जागा ठेवूं नये. काळी पडलेली चटणी कांहीं विष नव्हे. वरचा थर काढून टाकला कीं झालें. पण तिची रया गेली ती गेलीच. म्हणून पानें मांडल्याशिवाय ही चटणी कालवूं नये.

यावरून एक गोष्ट ओघानेंच येते. ज्या घरांत पुरुष व मुलें आधीं जेवतात आणि वाढणाऱ्या बायका मागून बसतात, त्या घरांत दोन्ही फळें एकदमच कालविलीं तर दुसऱ्या पंगतीच्या पानांत काळवंडलेला तळच येणार. राबणाऱ्या हातांना उरलेंसुरलें मिळावें हा कांहीं गृहस्थधर्म नव्हे. तेव्हां वाटण सारें एकदम करून त्याचे दोन भाग करावेत, एकच फळ कापावें, व दुसरें फळ अखंड राहूं द्यावें. तें बायकांच्या पंगतीच्या वेळींच चिरावें. साऱ्यांनीं एकत्र बसण्याची चाल असेल तर उत्तमच. मग हा प्रश्नच उरत नाहीं.

खेड्यांतल्या घरांसाठीं आणखी एक सूचना अगत्याची आहे. भाजीपाल्याचीं सालें गोठ्यांत टाकण्याची आपली रीत. पण लोणीफळाची साल, बी किंवा पाला गाईम्हशींना, शेळ्यांना अगर कोंबड्यांना कदापि घालूं नये. त्यांत पर्सिन नांवाचें द्रव्य असतें, तें जनावरांस बाधतें. हीं सालें खड्ड्यांत पुरावींत.

आणि फळ न मिळालें तर? सापगांवच्या बाजूस नागली व भाताबरोबर खुरासणीहि माहितीची आहे. तिच्या बियांत शेंकडा ३५ ते ४० भाग तेल असतें, म्हणजे लोणीफळाच्या दुपटीहून अधिक. खुरासणी भाजून मीठ-मिरचीबरोबर कुटली कीं तिची चटणी महिनाभर टिकते, व ती पहिल्या पंगतीस जशी लागते तशीच दुसऱ्या पंगतीसहि लागते. पाहुण्यानें लोणीफळ आणलें तर त्याचें कौतुक अवश्य करावें. न आणलें तर खंत करूं नये. दोहोंपैकीं कोणतीहि चटणी असो, ती साऱ्या पानांत ताजी आणि सारखी वाढली जावी, एवढें पाहिलें म्हणजे झालें.