क्लॅमथ मोकळी झाली, पण पाणी कुणाचं?

जुलै 2025. अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर, क्लॅमथ नदीच्या मुखाशी कयाकचा ताफा पोहोचला. वल्हवणारी मुलं शाळा-कॉलेजच्या वयाची, नदीकाठच्या आदिवासी जमातींमधली. सुमारे 500 किलोमीटर, महिनाभराचा प्रवास!

क्लॅमथ ओरेगनमध्ये उगम पावते आणि कॅलिफोर्नियातून पॅसिफिकला मिळते. मधल्या चार धरणांनी सॅमन माशांची वाट शंभरेक वर्षं अडवली होती. 2002मध्ये नदीच्या खालच्या भागात हजारो सॅमन मेले. त्यानंतर युरोक, करुक या जमातींनी धरणं पाडण्याची मागणी लावूनच धरली. 2024मध्ये चारही धरणं हटली आणि काही आठवड्यांतच सॅमन वरपर्यंत पोहोचले.

मग सगळे खूश? तसं नाही. वीज बनवताना धरणातून ठरल्या वेळी पाणी सुटायचं, म्हणून वरच्या टप्प्यात ऐन ऑगस्टमध्येही राफ्टिंग चालायचं. आता तो भरवसा गेला. दुसरीकडे, जलाशयाखाली गेलेले टप्पे बोटींना खुले झालेत.

खरा पेच आणखी वर आहे. पाडलेली धरणं विजेची होती, सिंचनाची नव्हेत. शेतीकडे पाणी वळवणारी व्यवस्था जागच्या जागीच आहे. त्यामुळे दुष्काळी वर्षात पाणी शेताला की माशांना, हे भांडण मिटलेलं नाही. मुलांना समुद्रापर्यंत वाट मिळाली. पण उन्हाळ्यात त्या वाटेवर पाणी किती असेल, हे अजूनही वरच ठरतं.