घरचा संगणक : पुसलेली फाईल

या खेपेला माझ्याच हातून झालेला घोळ सांगतो, कारण त्यात नुकसान मंडळाचे झाले आहे.

आपले जुने अंक पेजमेकरमध्ये, श्रीलिपीच्या फॉन्टात जुळवलेले. युनिकोडच्या आधीच्या त्या फॉन्टात रोमन अक्षरांच्या जागी देवनागरीचे आकार बसवलेले असत. आजच्या संगणकावर फाईल उघडली तर नुसती गिचमीड! म्हणून बेसमेंटमधल्या यंत्रावर क्यूईएमयू वापरून मी एक आभासी संगणक उभा केला. त्यात विंडोज ९८, पेजमेकर, फॉन्ट आणि फ्लॉपींवरून उतरवलेले अंक. या संगणकाची अख्खी डिस्क म्हणजे आपल्या लेखी एकच फाईल. तिला इमेज म्हणतात.

काही खटपट करण्याआधी मी इमेजवर नवा थर घेत असे. थरात फक्त बदललेला भाग लिहिला जातो, बाकीचे सगळे खालच्या फाईलमधून वाचले जाते. असे सात थर झाले. जूनमध्ये डिस्क भरली. सर्वांत मोठी आणि सर्वांत जुन्या तारखेची फाईल दिसली, ती पुसली. ती मूळ इमेज होती. सातही थर उघडेनात. माझ्या समजुतीप्रमाणे आठ प्रती होत्या, प्रत्यक्षात एकच. फ्लॉप्या तर केव्हाच फेकल्या होत्या.

प्रयोगशाळेत लेबल नसलेल्या बाटलीला मी हात लावत नाही, आणि घरी फाईलींची नावे 'नवी', 'नवी२'!

कोणी असा खटाटोप करत असाल तर क्यूईएमयूच्या इमेज-साधनाला 'इन्फो' विचारा, कोणती फाईल कोणावर टेकली आहे ते कळते. जपायची प्रत काढताना आभासी संगणक आधी बंद करा, मग 'कन्व्हर्ट' करा. सगळे थर मिळून एक स्वतंत्र फाईल होते. ती वेगळ्या डिस्कवर ठेवा, आणि तिथून एकदा चालवून बघा. हे शेवटचे काम कंटाळवाणे आहे, तरी करा.

१९९४ ते १९९७चे अंक पीडीएफ करून झाले होते, ते वाचले. १९९८ आणि १९९९चे गेले. कोणाच्या कपाटात कागदी प्रती असतील तर कोजागरीला घेऊन याव्यात. स्टेपल न काढता स्कॅन करून तिथेच परत देईन. १९९९च्या दिवाळी अंकाची शेवटची पाने फिकट निघाली होती असे जुने सभासद सांगतात, तेव्हा त्याच्या दोन-तीन प्रती आल्या तरी हव्याच आहेत.