गीताचे शब्द आणि गीताचीं पाउलें

गीताचा अर्थ त्याच्या शब्दांत सांठविलेला असतो, अशी शाळेंत शिकविणाऱ्या आम्हां बहुतेकांची समजूत आहे. पद्य फळ्यावर लिहावें, कठीण शब्दांचे अर्थ द्यावे, सारांश उतरवून घ्यावा, कीं आमचें काम संपलें. चाल म्हणजे औषधाबरोबर चाटविलेला मध! ही समजूत किती अपुरी आहे, हें दाखविणारें एक उदाहरण पोर्तुगाल देशांत घडलें आहे. त्यांतील मुख्य पुरुष आमच्याच पेशाचा असल्यामुळें तें विद्यार्थ्यांपुढें मांडावेंसें वाटतें.

जोझे अफोन्सो यांचा जन्म १९२९ सालीं झाला. कोइंब्रा विद्यापीठांत शिक्षण घेऊन ते शिक्षक झाले आणि आफ्रिकेंतील मोझांबीक या पोर्तुगीज वसाहतींतहि त्यांनीं १९६४ ते १९६७ पर्यंत अध्यापन केलें. मायदेशीं परतल्यावर १९६८ सालीं सरकारी शाळांचीं दारें त्यांस बंद झालीं, आणि गायन हेंच त्यांच्या चरितार्थाचें साधन होऊन बसलें. त्या वेळीं तेथें सालाझारनें उभारलेली एकतंत्री राजवट चालू होती. वर्तमानपत्र असो, नाटक असो कीं गाणें असो, सरकारी तपासनिसाची निळी पेन्सिल त्यावरून फिरल्यावांचून तें लोकांपुढें येत नसे. लिस्बनजवळचा काशियाश येथील तुरुंग आमच्या वाचकांस अगदींच परका नाहीं. गोव्यांत मराठीचे शिक्षक म्हणून गेलेले श्री. मोहन रानडे यांस गोमंतकाच्या मुक्तिलढ्यापायीं तेथेंच कोंडून ठेविलें होतें. त्यांची सुटका १९६९ सालीं झाली, आणि १९७३ सालीं अफोन्सो यांसहि त्याच तुरुंगाची हवा खावी लागली.

या अंमलांतच, १९७१ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरांत, अफोन्सो यांची 'कांतिगाश दु मायु', म्हणजे मे महिन्याचीं गाणीं, ही तबकडी तयार झाली. ती स्वदेशांत मात्र नव्हे. पॅरिसनजीक एरूव्हील येथें एक जुना वाडा आहे. एका चित्रपट-संगीतकारानें त्यांत ध्वनिमुद्रणाची सोय केली होती. संगीत-योजना जोझे मारियु ब्रांकु यांच्याकडे होती. हे गृहस्थ वसाहतींच्या युद्धांत लढावयाचें नाकारून १९६३ पासून फ्रान्सांत परागंदा होऊन राहिले होते. अफोन्सो यांच्या आधींच्या तबकड्यांत मुख्यत्वें गिटारीची साथ असे. ब्रांकु यांनीं येथें एकेका गीतास त्याचा निराळा ध्वनि शोधून दिला. नऊ गीतें, आणि कोणतेंहि दुसऱ्यासारखें वाजत नाहीं.

त्यांतील एका गीताचें नांव 'ग्रांदोला, व्हीला मोरेना'. ग्रांदोला हें दक्षिणेकडील आलेंतेझु प्रांतांतलें एक लहानसें गांव. १९६४ च्या मे महिन्यांत तेथील कामकरी लोकांच्या संगीतसंस्थेंत अफोन्सो गावयास गेले होते. तेथील बंधुभाव पाहून त्यांस हें काव्य सुचलें. आतां त्यास साथ कोणती द्यावी? त्या प्रांतांतील शेतमजूर हातांत हात गुंफून, रांगेनें, संथ पाउलें टाकीत गातात. एकानें सुरुवात करावयाची आणि सर्वांनीं तें उचलावयाचें, ही त्यांची रीत. ब्रांकु यांनीं तीच रीत घेतली आणि वाद्यें अजिबात वगळलीं. परंतु चालण्यावांचून तें गाणें अपुरें वाटेना का? मग रात्रीं फार उशिरां, रस्त्यावरील गाड्यांचा आवाज थांबल्यावर, वाड्याबाहेरच्या खडीवर ध्वनिग्राहक मांडले गेले. अफोन्सो, ब्रांकु, गिटारवादक कार्लुश कोरैया आणि फ्रान्सिस्कु फान्याइश नांवाचे एक कॅथलिक पाद्री, असे चौघे एकमेकांस बिलगून त्या खडीवरून पाय ओढीत चालले. तबकडीवर प्रथम ऐकूं येतात तीं हीं पाउलें, आवाज मागाहून. गाण्याची बांधणीहि विलक्षण आहे. एकानें कडवें म्हटलें, कीं समुदाय त्याच्याच ओळी उलट्या क्रमानें परत करतो, जणूं पुढाऱ्यानें दिलेली वस्तु उलटून पालटून पाहून आपलीशी करतो.

आतां हेंच गीत कागदावर पहा. एका गांवाची स्तुति, झाडाची सावली, मैत्री, समता, आणि लोकसत्तेचा एक उल्लेख. १९७४ च्या २९ मार्चला लिस्बन येथील मोठ्या जलशांत अफोन्सो यांच्या इतर कांहीं गीतांस मनाई झाली, पण हें गावयास मोकळीक राहिली, आणि भरलेल्या सभागृहानें तें एकमुखानें म्हटलें. आमच्या मतें तपासनिसाची चूक तीच, जी आम्ही शिक्षक रोज वर्गांत करतों. त्यानें शब्द तपासले. पाउलें तपासलीं नाहींत.

पुढें महिना भरण्यापूर्वींच, २५ एप्रिलच्या पहाटेपूर्वीं १२ वाजून २० मिनिटांनीं, कॅथलिक चर्चच्या रेडिओ केंद्रावरून हें गीत वाजलें. बंडखोर सैनिकांस कूच करण्याची ती खूण होती. सायंकाळपर्यंत राजवट कोसळली. नव्या सरकारनें गोव्यावरील भारताचें स्वामित्व मान्य केलें, व ३१ डिसेंबर १९७४ रोजीं दिल्ली येथें तसा तह झाला.

गाण्यानें राज्य उलथलें, असें जें म्हटलें जातें तें आम्हांस पटत नाहीं. राज्य उलथलें तें आफ्रिकेंतील युद्धांस कंटाळलेल्या सैन्यानें. कोणी म्हणेल, खूण ती खूण. दुसरें कोणतेंहि गाणें चाललें असतें. खरें आहे. आदल्या रात्रींची पहिली खूण एक प्रेमगीतच होतें, आणि तेंहि आपलें काम चोख करून गेलें. पण दुसऱ्या दिवसांपासून रस्त्यांतील लोक जें गाऊं लागले, तें प्रेमगीत नव्हे. त्यास चांगला गळा लागतो, येथें नुसतें शेजाऱ्याबरोबर चालतां आलें म्हणजे पुरे. हा फरक त्या वाड्याबाहेरच्या खडीवर झालेला आहे.

म्हणून आमची सूचना एवढीच, कीं गायनाच्या तासाला एका गोड गळ्याच्या मुलास उभें करून बाकीच्या चाळीसांस श्रोते करूं नये. बेसूर मुलांनींहि गावें. संमेलनाचे पाहुणे नाक मुरडतील, तर मुरडोत!

अफोन्सो यांस सरकारनें १९८३ सालीं पुन्हा शिक्षकाच्या जागेवर घेतलें. तोंवर स्नायु क्षीण करणाऱ्या असाध्य व्याधीनें त्यांस ग्रासलें होतें, आणि २३ फेब्रुवारी १९८७ रोजीं सेतूबल येथें ते वारले.