गावाचा गंज आणि डीएलएल फाईल

आपल्या धानोऱ्याकडे लग्न निघालं की एवढे मोठाले गंज आणि पराती कुठून येतात? दोनशे माणसांचा भात शिजेल असा गंज काही प्रत्येकाच्या घरी नसतो. तो गावाचा सामाईक. ज्याच्या घरी कार्य, त्यानं न्यायचा आणि घासूनपुसून परत आणून ठेवायचा.

संगणकातही अशी सामाईक भांडी असतात. विंडोजमध्ये त्यांना डीएलएल म्हणतात, म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. अनेक प्रोग्रॅमना लागणारं काम एकदाच लिहून एका फाईलमध्ये ठेवायचं, आणि ज्याला गरज पडेल त्यानं चालता चालता ते बोलवायचं. नाव लायब्ररी, पण पुस्तक एकही नाही बरं का!

आता समजा, तुम्ही आजीच्या रेला गाण्याचा व्हिडिओ काढला. गाणं छान, पण मागं पंख्याची घरघर आणि विजेची 'हूंऽऽ'. आपल्याकडची वीज सेकंदाला ५० वेळा हेलकावे खाते. तोच हूंकार तारेतून माईकमध्ये शिरतो. व्हिडिओ जोडण्याच्या प्रोग्रॅमला तो काढता येईलच असं नाही. मग येतो प्लग-इन. लग्नातल्या वाजंत्र्यांसारखा! वाद्यं आपली घेऊन येतो, मांडवात फक्त जागा मागतो. व्हिडिओतल्या आवाजाचे दर सेकंदाला बहुधा ४८,००० नमुने असतात. प्रोग्रॅम त्यातले थोडे थोडे नमुने प्लग-इनच्या हाती देतो, तो ते साफ करून परत करतो. हे इतकं भराभर चालतं की ऐकणाऱ्याला कळतही नाही.

पण कुणाचाही प्लग-इन कुणाच्याही प्रोग्रॅममध्ये कसा बसावा? जर्मनीतल्या स्टाइनबर्ग कंपनीनं १९९६ साली त्यासाठी नियम ठरवले. त्यांना व्हीएसटी म्हणतात. हे नियम दुसऱ्यांनाही वापरायला दिले, म्हणून तर ते जगभर पसरले. ते मुळात संगीतवाल्यांसाठी होते, पुढे व्हिडिओच्या प्रोग्रॅमनीही घेतले. विंडोजवरचा जुना व्हीएसटी म्हणजे चक्क एक डीएलएल फाईल. ठरलेल्या फोल्डरमध्ये ठेवली की प्रोग्रॅम तिला शोधून काढतो. एक गोष्ट मात्र जुळावी लागते. ६४ बिटच्या प्रोग्रॅमला ३२ बिटची डीएलएल थेट चालत नाही. फाईल जागेवर दिसते, तरी प्लग-इन यादीत येत नाही! पुष्कळ मोठी माणसंसुद्धा इथं डोकं धरून बसतात.

दुसरी गंमत ऐका. (गंमत म्हणायची, पण रडू येईल अशी.) व्हिडिओ अर्धा जोडून तुम्ही काम पेन ड्राइव्हवर घेतलं आणि शाळेच्या संगणकावर उघडलं. घरघर परत हजर! असं का? कारण कामाच्या फाईलमध्ये प्लग-इन नसतो. फक्त 'अमुक प्लग-इन, इतक्या प्रमाणात' अशी चिठ्ठी असते. वाजंत्री तिकडच्या गावीच राहिले, इकडे नुसती पत्रिका आली. म्हणून संगणक बदलण्याआधी साफ केलेला आवाज वेगळी फाईल करून काढून घ्यावा.

'डीएलएल सापडत नाही' असा निरोप आला की काही जण इंटरनेटवर दिसेल तिथून ती फाईल उतरवतात. हे मला मुळीच पसंत नाही. डीएलएल हा चालणारा प्रोग्रॅमच असतो, तिच्या पोटात व्हायरस लपून येऊ शकतो. पालकांनीही इकडे लक्ष द्यावं. ज्यांनी प्लग-इन बनवला त्यांच्याकडूनच तो पुन्हा घ्यावा.

कधी कधी फाईल वेगळी ठेवण्याचं कारण कायद्याचं असतं. ऑडॅसिटी हा आवाजाचा फुकट मिळणारा प्रोग्रॅम घ्या. एमपी३ बनवण्यासाठी त्याला 'लेम' नावाची लायब्ररी पूर्वी वेगळी आणून द्यावी लागे, कारण एमपी३ वर पेटंटं होती. २०१७ च्या सुमारास ती संपली, आणि २०१९ पासून 'लेम' ऑडॅसिटीच्या पोटातच येऊ लागली.

आजीचं गाणं टिपताना हे करून बघा. पंखा बंद करा. गाणं सुरू होण्याआधी पाच सेकंद कुणीच बोलू नका, नुसती खोलीची शांतता टिपा. घरघर कशी आहे ते आवाज साफ करणारा प्रोग्रॅम त्यावरूनच ओळखतो. आणि मूळ ध्वनिफीत, जशी आहे तशी, दुसऱ्या पेन ड्राइव्हवर ठेवा. फाईलच्या नावात आजीचं नाव, गाव नि तारीख घाला. पुढं याहून चांगले प्लग-इन येतील, पण आजीचा तो आवाज त्या मूळ फाईलमध्येच असेल.