पापाला पॉइंट किती?

इसेकाई ॲनिमेचा साचा आता पाठ झालाय. आपल्या जगातला एखादा सामान्य माणूस दुसऱ्याच जगात जाऊन पडतो आणि तिथला सगळा कारभार व्हिडिओ गेमसारखा चालतो. राक्षस मारा, पॉइंट मिळवा, लेव्हल वाढवा. बघणाऱ्यालाही चटक लागते. आकडा वर सरकला की आपल्यालाच बढती मिळाल्यासारखं वाटतं. पण मोठ्यांसाठी म्हणून काढलेल्या मालिकांत हा आकडा कोणाच्या जिवावर वाढतो, हे पाहिलं की मजा किरकिरी होते.

२०१९ साली आलेली ‘द रायझिंग ऑफ द शील्ड हीरो’ घ्या. खोट्या आरोपाने बदनाम झालेला नाओफुमी गुलामांच्या व्यापाऱ्याकडून राफ्तालिया नावाची आजारी, भेदरलेली पोर विकत घेतो. तिच्या छातीवर गुलामीची खूण उमटवली जाते. हुकूम मोडला की ती खूण कळा देते. नाओफुमी तिला औषध देतो, पोटभर जेवू घालतो, आणि लढायलाही लावतो. या जगाचा नियम असा की, तिच्या जमातीची मुलं लेव्हल वाढली की अंगानेही भराभर वाढतात. थोड्याच भागांत पोरीची तरुणी होते आणि लहान मुलीच्या हाती शस्त्र देण्याचा अवघड प्रश्न परस्पर निकालात निघतो. पुढे ती खूण पुसली जाते, तर राफ्तालिया ती स्वतःच पुन्हा मागून घेते. त्यावरही कडी म्हणजे, त्या विधीतून उरलेली शाई नाओफुमीच्या ढालीत जिरते आणि त्याला नवी शक्ती मिळते: गुलामांची वाढ आता अधिक जोमाने! नायक मनाचा चांगला आहे, कबूल. पण गुलामगिरी फायद्याची, असा निर्वाळा इथे खुद्द खेळाचे नियमच देतात.

‘ओव्हरलॉर्ड’चा आइन्झ चांगुलपणाचा आव आणत नाही. हा एक जपानी नोकरदार. आवडता गेम बंद पडायच्या क्षणी सांगाड्याच्या देहात अडकलेला. २०१८च्या तिसऱ्या पर्वात तो रणांगणावर एक मंत्र टाकतो आणि ७० हजार सैनिक उभ्या जागी मरतात. त्या बळींच्या मोबदल्यात पाच अक्राळविक्राळ प्राणी अवतरतात. आइन्झ हरखतो, कारण एका मंत्रात पाच म्हणजे विक्रमच! समोर पडलेल्या प्रेतांचं त्याला काही वाटत नाही. सांगाड्याची भावना अनावर झाली की आपोआप दाबली जाते, हाही गेमचाच नियम.

मला ही दुसरी मालिका जास्त प्रामाणिक वाटते. आकडा वाढल्याचा जो आनंद आपण घरबसल्या घेतो, तोच ती प्रेतांच्या राशीशेजारी मांडते आणि आपली पंचाईत करते. पहिली मात्र आपल्याला अलगद सोडवते. मोठ्यांसाठी असल्याचा शिक्का रक्त आणि उघडी अंगं मोजून मारला जातो. खरं तर ‘किती झाले?’ याच्या पुढे जाऊन ‘कोणाचे गेले?’ असं विचारायला लावते, ती मालिका मोठ्यांची.