रस्ता सोडून सगळं

मंगल कार्यालयवाला 'सगळं धरून' म्हणतो, तेव्हा त्यात निदान जेवण तरी असतं. मोटार विकणारा 'ऑन रोड प्राईस' म्हणतो तेव्हा त्यात विमा असतो, नोंदणीची फी असते, कर असतो, नंबराची पाटी असते. रस्ता तेवढा नसतो!

आम्ही राहतो नावड्याला. पत्त्यात नवी मुंबई, जिल्हा रायगड, महानगरपालिका २०१६ पासून पनवेलची आणि गाडीचा नंबर एमएच ४६. एमएच ४३वाले वाशीकर पाहुणे पाटी बघून 'म्हणजे तुम्ही पनवेलचेच की!' म्हणतात, ते सोडून द्या. आरटीओचं ऑफिस शेजारीच, कळंबोलीला. पण नव्या गाडीवाल्याला तिकडे फिरकायचं कारण राहिलेलं नाही. २०१९ साली कायदा सुधारला. आता अर्ज विक्रेत्यानेच करायचा आणि त्याच्याकडून घेतलेली नवी गाडी तपासणीला न्यायची गरज नाही. एजंटामागे हिंडणं संपलं, 'उद्या या' संपलं. ह्याबद्दल सरकारला शंभर वेळा दुवा देतो.

पण मंडळी, खिडकीशी उभं राहून नोटा मोजणाऱ्याला आपण सरकारला काय देतोय ते कळत तरी होतं. आता ते बिलातल्या एका ओळीत जातं, आणि आपलं लक्ष असतं पेढ्यांकडे, नाहीतर चाकाखालच्या लिंबाकडे! ती ओळ जरा वाचा. दहा लाखांच्या आतल्या पेट्रोल गाडीवर खाजगी मालकाला ११ टक्के एकरकमी कर. गाडी नऊ लाखांची, तर ९९ हजार. नोंदणी १५ वर्षांची. भागून बघा: वर्षाला ६,६०० रुपये, दिवसाला अठरा. म्हणजे गाडी रोज एक वडापाव खाते, आणि पंधरा वर्षांचे सगळे वडापाव आपण पहिल्याच दिवशी भरतो.

आमच्या इमारतीतले एक निवृत्त गृहस्थ म्हणतात, 'अहो, कर म्हणजे वर्गणी नव्हे. तो राज्याच्या तिजोरीत जातो, त्यातून शाळा चालतात, दवाखाने चालतात.' कबूल! १९५८चा कायदासुद्धा त्याला प्रामाणिकपणे 'मोटार वाहन कर'च म्हणतो. त्याला 'रोड टॅक्स' हे लाडाचं नाव आपण ठेवलं. पण माणूस पंधरा वर्षांचे पैसे आगाऊ मोजतो तो गाडी रस्त्यावर चालावी म्हणूनच ना? पावसाळ्यात तळोज्याच्या कारखान्यांकडे जाणाऱ्या ट्रेलरमागून, खड्डा कुठला आणि डबकं कुठलं ह्याचा अंदाज घेत ती पोहावी म्हणून नव्हे. शिंपीसुद्धा आगाऊ पैसे घेतले की निदान तारीख देतो. ती पाळत नाही, ही गोष्ट वेगळी.

माझी मागणी कर कमी करा अशी नाहीच. ह्या कराची पावती बिलात न दडवता मालकाच्या हातात वेगळी द्या, आणि तिच्या पाठीवर छापा: गेल्या वर्षी ह्या तालुक्यात गाड्यांपासून कर किती जमला आणि तालुक्यातल्या रस्त्यांवर किती खर्च झाला. दोनच आकडे. लाखांच्या बोलीवर आवडता नंबर विकणाऱ्या खात्याला आकड्यांचं वावडं असायचं कारण नाही.

आणि तेवढं जमत नसेल, तर बिलावरचा 'रोड' हा शब्द खोडा. ९९ हजार तेवढेच घ्या, पण जी वस्तू दिलीच नाही तिचं नाव बिलात नको. किराणावालासुद्धा असं करत नाही.