दाट म्हणजे सकस नव्हे!

'आज भाजी अगदी मिळून आलीय' ही आपल्याकडे केवढी मोठी शाबासकी! आणि 'चोथापाणी झालंय' म्हटलं की तासाभराचा खटाटोप फुकट. मैत्रिणींनो, पदार्थ मिळून यावा म्हणून आपल्या आज्या-सासवांनी किती तऱ्हा शोधल्या बघा. अळूच्या फदफद्याला डाळीचं पीठ, वांग्याच्या रश्शाला दाण्याचं कूट, मटणाला भाजलेल्या कांदा-खोबऱ्याचं वाटण, कोकणात ओला नारळ. उपासालासुद्धा दाण्याची आमटी आहेच.

हल्ली मात्र या सगळ्यांच्या जागी एकच पांढरं पीठ येऊन बसलंय, कॉर्नफ्लॉवर. सूप किंवा मंच्युरियनपुरतं ठीक. पण आता ते घरच्या पालकात, टोमॅटोच्या सारातही पडतं. चमचाभर घातलं की हॉटेलसारखी चकाकी येते, वेळ वाचतो, हे मान्य. पण ते जवळजवळ निव्वळ स्टार्च! याउलट १०० ग्रॅम डाळीच्या पिठात २० ग्रॅमच्या वर प्रथिनं असतात, शेंगदाण्यात २५ च्या आसपास. माणशी दोन मोठे चमचे, म्हणजे साधारण २० ग्रॅम कूट पडलं, तर ५ ग्रॅम प्रथिनं पोटात जातात. एका अंड्यात सुमारे ६ असतात. म्हणजे हे काही थोडं नाही.

'बेसनाच्या गुठळ्या होतात हो,' अशी तक्रार असते. कोणतंही पीठ गरम रश्शात थेट टाकलं की गुठळ्या होणारच. वरचा थर लगेच शिजतो आणि आतलं पीठ कोरडंच राहतं. म्हणून पीठ आधी गार पाण्यात कालवायचं. कढीसाठी ते गार ताकातच घुसळायचं आणि पहिली उकळी येईपर्यंत ढवळत राहायचं. पिठामुळे ताक फुटत नाही. कूट शेवटी घालायचं, नाहीतर तळाला लागतं. सूपला तर पीठच नको. त्यातलाच भोपळा किंवा बटाटा घोटा, नाहीतर मूठभर मूगडाळ शिजवून टाका. आणि कॉर्नफ्लॉवर लावायचंच असेल, तर कपभर सूपला एक मोठा चमचा पुरे. लिंबू मात्र नंतर पिळा. आंबटाबरोबर उकळत राहिलं की ते पुन्हा पातळ होतं.

वस्तीत लहान बाळांच्या आयांना भेटते, तेव्हा 'काय भरवता?' विचारलं की हमखास उत्तर येतं, 'देते की डाळीचं पाणी, वाटीभर.' बाळाचं पोट एवढंसं. ते पाण्यानेच भरलं, तर अंगी लागणार काय? सहा महिने पूर्ण झाले की आईच्या दुधाबरोबर मऊ कुस्करलेला वरणभात, वर थोडं तूप किंवा तेल द्यायला हवं. चमचा जरा तिरका केला तरी ओघळू नये इतपत दाट. आणि हा दाटपणा डाळ-भाताचाच हवा, पिठाचा नव्हे.

आणखी एक गोष्ट. पुष्कळ घरांत अजूनही बाई शेवटी जेवते. फोडी, डाळ, मटणाचे तुकडे आधीच्या पंगतीत संपलेले असतात. तिच्या वाटीत येतो तो नुसता रस्सा. म्हणजे रश्शाला काय लावलंय यावर तिचं पोषण अवलंबून! खरं तर सगळ्यांनी एकत्र जेवायला बसावं, हाच यावरचा उपाय. त्यासाठी घरात जरूर भांडा. पण ती सवय लागेपर्यंत निदान रश्शात तरी डाळीचं पीठ, कूट, खोबरं पडू द्या. आणि तो वाढताना स्वतःची वाटी आधी काढून ठेवा.